इरा : एका नावाची कुळकथा



इतिहासाचे व्याख्यान म्हटले की लढाया, तह आणि सनावळ्या कानी पडणार, अशी आपली अपेक्षा असते. आज मी मात्र केवळ दोन अक्षरांचा विषय घेऊन आपल्यापुढे उभा आहे. तो विषय मला ग्रंथालयात सापडला नाही; मोहर्लीच्या एका अंगणात सापडला.

प्रसंग बारशाचा होता. मुलीचे वडील ताडोब्याच्या जंगलात पाहुण्यांना वाट दाखविण्याचे काम करतात. आईने नाव काढले होते ‘इरा’. आत्याने ते बाळाच्या कानात सांगितले, घुगऱ्या वाटल्या गेल्या, आणि इतक्यात कोपऱ्यात बसलेली पणजी मला म्हणाली, “गुरुजी, हे कोन्तं नाव जी? इरा म्हंजे आपली इरई का?” एक पाहुणा हसून म्हणाला, “आजी, हे परदेशी नाव आहे.” दुसऱ्याने सांगितले, “छे, सरस्वतीचे नाव आहे.” तिसऱ्याच्या मते ते हल्लीच कोणीतरी बनविलेले. म्हाताऱ्या बाईने प्रश्न सरळ विचारला होता. त्याला सरळ उत्तर देणे माझे काम होते. ते मला त्या दिवशी नीट जमले नाही, म्हणून हा खटाटोप.

प्रथम परदेशाचा संशय दूर करू. ‘आयरा’ असे उच्चारले जाणारे एक नाव इंग्रजी बोलणाऱ्या देशांत आहे. ते मूळचे हिब्रू, आणि परंपरेने पुरुषाचे. लॅटिन भाषेत ‘इरा’ म्हणजे राग. या दोहोंचा आपल्या इरेशी काही संबंध नाही. दोन गावच्या दोन माणसांचे आडनाव एक निघाले म्हणून ते भाऊबंद ठरत नाहीत, तसेच हे.

आपली इरा फार जुनी आहे. ऋग्वेदाच्या पाचव्या मंडलात पर्जन्याचे एक सूक्त आहे. वारे सुटतात, विजा पडतात, वनस्पती वर येतात, आणि पर्जन्य पृथ्वीला भिजवितो तेव्हा साऱ्या जगासाठी ‘इरा’ उत्पन्न होते, असा त्यातील एका ऋचेचा आशय आहे. येथे इरा म्हणजे पोषण, पावसाने दिलेले अन्न. वेदांतील कठीण शब्दांचा ‘निघण्टु’ नावाचा जो प्राचीन संग्रह आहे, त्यात अन्नाची अठ्ठावीस नावे दिली आहेत. त्यांतही इरा आहे. पुढे अमरकोशाच्या काळापर्यंत या शब्दाचा संसार वाढला. अमरसिंहाने त्याचे चार अर्थ नोंदविले आहेत: भूमी, वाणी, सुरा आणि जल. वाणी हा अर्थ धरून कोणी इरेला सरस्वती म्हणतो, ते अगदीच निराधार नाही. सुरा हा अर्थ मात्र बारशाच्या पुस्तकांत सहसा छापीत नाहीत! पण मोहाच्या झाडांखाली वाढलेल्या माणसाला त्याचे नवल वाटू नये. जे पिकते, जे पाझरते, जे प्याल्याने जीव तरतरीत होतो, ते सारे या एका शब्दाच्या पोटात आहे.

पुराणांनी या शब्दाला देह दिला. विष्णुपुराणात कश्यपाच्या अनेक पत्नींपासून निरनिराळी सृष्टी झाल्याचे वर्णन आहे. त्यांतील इरेची संतती कोणती? वृक्ष, वेली आणि सर्व जातींचे गवत. ताडोब्याच्या काठच्या मुलीला याहून शोभणारी पूर्वजा कोठून आणावी?

मग प्रश्न उरतो, शब्द इतका जुना, तर आपल्या आज्या-पणज्यांत एकही इरा कशी आढळत नाही? याचे उत्तर असे की शब्द जुना असला तरी नाव नवे आहे. जुन्या घरांतून मुलींना नद्यांची नावे देत. गंगा, यमुना, गोदावरी, कृष्णा, भागीरथी. गंमत पाहा, मनुस्मृतीच्या तिसऱ्या अध्यायात नदीचे नाव असलेली मुलगी वधू म्हणून निवडू नये असे सांगितले आहे, आणि महाराष्ट्राने घरोघरी गंगा-गोदावरी नांदवून त्या वचनाचा निकाल लावला. त्याच ग्रंथाच्या दुसऱ्या अध्यायात मुलीचे नाव उच्चाराला सोपे, स्पष्ट अर्थाचे, मनाला आवडणारे आणि शेवटी दीर्घ स्वर असलेले असावे, असेही म्हटले आहे. हा उपदेश मात्र आपण आजपर्यंत पाळीत आलो आहो, आणि इरा त्या कसोटीला पुरेपूर उतरते.

नद्यांच्या या मालिकेतूनच इरा आपल्याकडे आली, असे मला वाटते. आणि तिला आणणारी तिची थोरली बहीण म्हणजे इरावती. इरावती म्हणजे जिच्यात इरा आहे ती, पाण्याने भरलेली. वेदांत जिला परुष्णी म्हटले, तीच इरावती, असे यास्काचार्य निरुक्तात सांगतात. तिलाच आज रावी म्हणतात. शिकंदराबरोबर आलेल्या ग्रीकांनी या नावाचे ‘हायड्राओटिस’ करून टाकले. इंद्राचा ऐरावत याच नावातून निघाला. अर्जुन आणि नागकन्या उलूपी यांच्या मुलाचे नावही इरावान्. तो भारतीय युद्धात पडला. पुढे हा शब्द समुद्रापलीकडे ब्रह्मदेशात गेला, आणि तेथील सर्वांत मोठ्या नदीला इरावती हे नाव मिळाले.

त्या नदीने हे नाव एका मराठी घराला परत दिले. गणेश हरी करमरकर नोकरीनिमित्त ब्रह्मदेशात होते. 1905 साली इरावतीकाठच्या म्यिंजान गावी त्यांना मुलगी झाली, आणि नदीवरून तिचे नाव इरावती ठेवले. याच पुढे इरावती कर्वे झाल्या. मानवशास्त्रात त्यांनी मोठे काम केले, आणि ‘युगान्त’ या ग्रंथासाठी 1968 साली त्यांना साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. त्यांच्यामुळे हे नाव मराठी वाचकाच्या कानाला सरावले. लांब नावे आखूड करण्याची हल्लीची रीत आहे; तिच्या ओघात इरावतीच्या शेजारी इराही येऊन बसली.

आता आजीचा मूळ प्रश्न. इरा म्हणजे आपली इरई काय? येथे इतिहासाच्या विद्यार्थ्याने सावध झाले पाहिजे. इरई ही आपली नदी. तिला धरण बांधले, त्याचा जलाशय मोहर्लीच्या दारापर्यंत पसरला. चंद्रपूर शहर तेच पाणी पिते आणि येथील वीजकेंद्र त्याच पाण्यावर चालते. नाव उच्चारताच इरा आठवते, हे खरे. पण गोंडी भाषेत मोहाच्या झाडाला ‘इरुप’ म्हणतात. इरई ऐकून तेही आठवावे! नुसत्या उच्चाराच्या साम्यावर व्युत्पत्ती उभी करू लागलो, तर मोहर्लीलाही कोणी आंब्याचा मोहर चिकटवील, आणि दुसरा कोणी मोह. या मुलखातील अनेक गावांना, ओढ्यांना आणि डोंगरांना येथल्या गोंड, कोलाम, माना लोकांनी नावे दिली आहेत. त्या प्रत्येकाला संस्कृताचे गोत्र लावून देण्याचा मोह आपण शहरवासीयांना फार. त्याने संस्कृताचा मान वाढत नाही, आणि ज्यांनी नाव ठेवले त्यांची आठवण मात्र पुसली जाते. म्हणून इरईला इरेची लेक ठरविण्याची घाई मी करणार नाही. दोघींचा शेजार आहे, तेवढा पुरे.

नाव पुसले जाणे ही साधी गोष्ट नव्हे. आपल्याकडे लग्नात तबकातील तांदळांवर वधूचे नवे नाव लिहीत, आणि त्या क्षणापासून माहेरचे नाव मावळे. आनंदीबाई जोशी माहेरी यमुना होत्या; रमाबाई रानडे याही यमुनाच. दोन यमुना तांदळांत विरल्या, आणि इतिहासाने त्यांना दुसऱ्याच नावांनी ओळखले. याहून कठीण म्हणजे मुलगी नको होती हे तिच्या नावातच सांगणे. 2011 साली सातारा जिल्ह्यात ‘नकोशी’, ‘नकुशा’ अशी नावे असलेल्या 285 मुलींना समारंभपूर्वक नवी नावे देण्यात आली. तोवर त्या मुली शाळेच्या हजेरीत रोज आपल्या नकोसेपणाला ‘हजर’ म्हणत होत्या. नावात काय आहे, असे विचारणाऱ्याने त्या हजेरीपटाकडे पाहावे.

या दोन्ही गोष्टी ध्यानात घेतल्या म्हणजे पाळण्यात ‘इरा’ म्हणण्याचा अर्थ उलगडतो. जिला एके काळी घरातील अन्नाची वाटेकरीण समजत, तिलाच येथे आईबाप अन्न म्हणत आहेत, पाणी म्हणत आहेत. कोशातील चार अर्थांपेक्षा हा पाचवा अर्थ मला मोठा वाटतो, आणि तो लिहिणारा अमरसिंह नव्हे, मोहर्लीची एक आई आहे.

पुढे मी पुन्हा मोहर्लीस गेलो, तेव्हा आजीला उत्तर दिले. म्हटले, “आजी, इरा म्हणजे पाऊस पडल्यावर जे पिकते ते. इरई तुमचीच आहे, ती वेगळी.” आजी थोडा वेळ गप्प राहिली. मग म्हणाली, “चांगलं नाव हाय. माझं माहेरचं नाव घेनारं आता कोनी उरलं नाही जी. हिचं बदलू देऊ नका म्हंजे झालं.”

नावाच्या अर्थाविषयी मी आपल्याला एवढा वेळ सांगितले. नावाच्या हक्काविषयी आजीने जे सांगितले, ते एका वाक्यात होते. घरी जाताना आपण तेच बरोबर न्यावे, अशी माझी विनंती आहे.