खाड्याचा पैसा कोण भरणार? रग्बी, राष्ट्रीय संघ आणि 'गुणवत्ता'

आरक्षणाचा विषय निघाला की समोरून एक ठरलेलं वाक्य येतं. "भारताच्या टीममध्ये आहे का आरक्षण? तिथे फक्त गुणवत्ता चालते!" आपली पोरं इथे बऱ्याचदा गप्प होतात. क्रिकेटचा झगमगाटच एवढा असतो की त्याच्या मागे काय चालतं ते दिसत नाही. म्हणून मी मुद्दाम असा खेळ घेतोय ज्याला आपल्याकडे गर्दी नाही, तो म्हणजे रग्बी. राष्ट्रीय संघात कोण पोचतो आणि कोण दारातच अडकतो, हे या खेळाच्या इतिहासात उघडं पडलेलं आहे.

रग्बीचे दोन पंथ आहेत. १५ जणांचं ते 'युनियन' आणि १३ जणांचं ते 'लीग'. वरून बघितलं तर हा नियमांचा फरक वाटतो, पण फूट नियमांवरून पडलेली नाही. ती पडली मजुरीवरून.

गिरणगावाशी नातं असलेल्या घरात 'खाडा' हा शब्द समजावून सांगावा लागत नाही. कामावर गेला नाहीस, त्या दिवसाचा पगार कापला. इंग्लंडच्या उत्तरेला, लँकेशायर-यॉर्कशायरमध्ये रग्बी खेळणारी माणसं म्हणजे असेच गिरणी कामगार आणि खाणकामगार. शनिवारी अर्धा दिवस काम असायचं. सामना दूरच्या गावी असला की खाडा पडायचा. त्यांच्या क्लबांनी मागणी केली की बक्षीस नको, मानधन नको, फक्त बुडालेली मजुरी भरून द्या. सप्टेंबर १८९३ मध्ये लंडनच्या सभेत ही मागणी २८२ विरुद्ध १३६ मतांनी फेटाळली गेली. कारण काय दिलं? खेळ 'हौशी' राहिला पाहिजे. पैसा आला की खेळ बाटतो!

ही हौस परवडत कोणाला होती? ज्याच्या बापाची जमीन होती, ज्याला शनिवारी कुठल्याच मुकादमाला तोंड दाखवायचं नव्हतं, त्यालाच. नियम मात्र सगळ्यांना सारखा. खाणकामगाराने खेळू नये असं कुठेही लिहिलेलं नव्हतं. 'सर्वांना समान नियम' या गोड शब्दांनी माणसाला बाहेर कसं ठेवता येतं, याचा हा नमुना मी अभ्यासवर्गात नेहमी सांगतो.

२९ ऑगस्ट १८९५ ला हडर्सफिल्डच्या जॉर्ज हॉटेलमध्ये उत्तरेच्या क्लबांनी फारकत घेतली. दिवसाला सहा शिलिंगपर्यंत खाड्याची भरपाई सुरू झाली. त्यातून पुढे १३ जणांची लीग उभी राहिली. यावर युनियनवाल्यांनी काय करावं? जो लीगला शिवला तो कायमचा बाद. परतीचा रस्ता बंद. मी याला अस्पृश्यता म्हणणार नाही. जन्माने चिकटणारी गोष्ट वेगळी आणि पोटासाठी पत्करलेल्या कामाने चिकटणारी वेगळी. पण 'बाटला' म्हणून वाळीत टाकण्याची तऱ्हा आपल्या चांगलीच ओळखीची आहे.

आता राष्ट्रीय संघांकडे या. १९०६ साली जेम्स पीटर्स हा काळा खेळाडू इंग्लंडच्या युनियन संघातून खेळला. त्याच वर्षाच्या शेवटी दक्षिण आफ्रिकेचा गोरा संघ आला तेव्हा पीटर्स संघाबाहेर. शेवटी तोही लीगकडेच गेला. इंग्लंडच्या युनियन संघात त्याच्यानंतरचा काळा खेळाडू दिसायला १९८८ उजाडलं. म्हणजे ८० वर्षांत अख्ख्या देशात एकाही काळ्या माणसाकडे 'गुणवत्ता' नव्हती, असं समजायचं का?

लीगचं चित्र पाहा. कार्डिफच्या गोदी वस्तीतला बिली बोस्टन १९५३ ला विगनच्या लीग क्लबात गेला आणि पुढच्याच वर्षी ग्रेट ब्रिटनच्या लीग संघातून ऑस्ट्रेलियाच्या दौऱ्यावर. त्याच कार्डिफचा क्लाइव्ह सुलिव्हन १९७२ मध्ये ग्रेट ब्रिटनच्या लीग संघाचा कर्णधार झाला. कुठल्याही खेळात ब्रिटनच्या राष्ट्रीय संघाचं नेतृत्व करणारा तो पहिला काळा माणूस. त्या वर्षीचा विश्वचषकही त्यानेच उचलला. इंग्लंडच्या फुटबॉल संघात पहिला काळा खेळाडू यायला त्यानंतर आणखी सहा वर्षं लागली.

लीग म्हणजे स्वर्ग होता असं मात्र कोणी समजू नये. १९५७ मध्ये ब्रिटनचा लीग संघ विश्वचषक संपवून वर्णभेदी दक्षिण आफ्रिकेत सामने खेळायला गेला, तेव्हा बोस्टन एकटा घरी परतला. बाकीचे गेले. सोबतच्या गोऱ्या कामगार खेळाडूंना वर्ग कळत होता, वर्ण कळत नव्हता. आपल्याकडच्या लाल बावट्याच्या मित्रांशी आपला जुना वाद आहे, तो इथे आठवल्याशिवाय राहत नाही. बोस्टनला 'सर' किताब मिळाला तो २०२५ साली. लीगच्या १३० वर्षांत हा मान मिळालेला तो पहिलाच खेळाडू.

भारतात यातलं कोणतं रग्बी आलं? साहेबांचं! खाडा मागणाऱ्या कामगारांच्या लीगने इथे मूळ धरलं नाही. १८७२ च्या नाताळात कलकत्त्यात पहिला सामना झाला तो इंग्लंडच्या साहेबांचा स्कॉटलंड-आयर्लंड-वेल्सच्या साहेबांशी. तिथला क्लब थोड्याच वर्षांत बंद पडला. बँकेत उरलेले चांदीचे रुपये वितळवून त्यांनी एक चषक बनवला आणि लंडनला पाठवला. इंग्लंड आणि स्कॉटलंड आजही त्या 'कलकत्ता कप'साठी झुंजतात. रुपये इथले, चांदी इथली, चषक तिकडे. मुंबईत १८७५ ला बॉम्बे जिमखाना उभा राहिला, फक्त गोऱ्यांसाठी. आपले मोर्चे ज्या आझाद मैदानात जाऊन थांबतात त्याला लागूनच त्याची हिरवळ आहे. पावसाळ्यात मुंबईचं रग्बी तिथेच चालतं.

'हौशी'पणाचा इथला अर्थ कळायला त्या काळातल्या क्रिकेटकडे एक नजर टाकावी लागते. १९११ मध्ये हिंदुस्थानचा संघ इंग्लंडला गेला. कर्णधार पतियाळाचे महाराज. दौऱ्यातले बरेचसे दिवस महाराज मैदानावर दिसलेच नाहीत. ११४ बळी घेतले ते चांभार समाजातल्या पालवणकर बाळूंनी. पुण्यात गोऱ्यांच्या क्लबात महिना ४ रुपयांवर खेळपट्टीची देखभाल करत आणि साहेबांना सरावासाठी चेंडू टाकत ते घडले होते. मुंबईत ते जीआयपी रेल्वेच्या नोकरीत होते आणि रेल्वेच्या संघातूनही खेळत. इथेच थांबून विचार करा. बाळू घडले, कारण खेळण्याचा पैसा मिळत होता आणि नोकरी देणाऱ्यालाच त्यांचा खेळ हवा होता. त्यांचा खाडा भरला जात होता. तरीही हिंदू संघाचं कर्णधारपद त्यांना शेवटपर्यंत दिलं नाही. ते धाकटे भाऊ विठ्ठल यांना १९२३ मध्ये मिळालं. (पुढे १९३७ च्या निवडणुकीत बाळू काँग्रेसकडून बाबासाहेबांविरुद्ध उभे राहिले आणि हरले. त्या राजकारणावर वेगळं लिहावं लागेल. पण त्यापायी त्यांचे ११४ बळी विसरायचे कारण नाही.)

भारताचा रग्बीचा राष्ट्रीय संघ पहिला आंतरराष्ट्रीय सामना खेळला तो थेट १९९८ मध्ये, सिंगापूरशी. कलकत्त्याच्या त्या नाताळानंतर सव्वाशे वर्षांनी. तोवर हा खेळ मुंबई-कोलकात्याचे क्लब आणि सैन्यदल यांच्यातच फिरत होता. अभिनेते राहुल बोस त्या पहिल्या संघात होते, आज ते राष्ट्रीय संघटनेचे अध्यक्ष आहेत. त्यांच्या मेहनतीवर मला काही म्हणायचं नाही. मी विचारतोय ते एवढंच, की कुर्ला-विक्रोळीच्या पोराला त्या हिरवळीवर पाऊल ठेवायचा रस्ता कुठून होता?

एक रस्ता निघाला तो समोरच्या फुटपाथवरून. भारतातर्फे रग्बी खेळलेला मॅथ्यू स्पेसी नावाचा एक ब्रिटिश कंपनी अधिकारी जिमखान्यात सराव करायचा. समोर फॅशन स्ट्रीटवर राहणारी पोरं बघत उभी असायची. त्याने त्यांना आत घेतलं, शिकवलं. त्यातून १९९९ मध्ये 'मॅजिक बस' ही संस्था झाली. काम चांगलं, प्रश्न नाही. पण दार उघडलं ते एका माणसाच्या मर्जीने. मर्जीने उघडलेलं दार मर्जीने बंदही होतं. आपल्याला हक्काचं दार पाहिजे.

दुसरा रस्ता ओडिशातून आला. भुवनेश्वरच्या 'किस' या आदिवासी मुलांच्या निवासी संस्थेतली पोरं २००७ मध्ये लंडनला जाऊन १४ वर्षांखालील आंतरराष्ट्रीय स्पर्धा जिंकून आली. जून २०१९ मध्ये भारताच्या महिला संघाने मनिलात सिंगापूरला २१-१९ ने हरवलं. १५ जणींच्या रग्बीतला आपला तो पहिला विजय. कर्णधार पुण्याची वाहबिज भरुचा, आणि निर्णायक किक मारली त्याच 'किस'मधल्या सुमित्रा नायकने. बिहारची स्वीटी कुमारी त्याच पिढीतली. जिमखान्यांना सव्वाशे वर्षांत जे जमलं नाही ते या मुलींनी करून दाखवलं. कारण? वसतिगृह, दोन वेळचं जेवण, मैदान आणि बूट. कामाला जायची सक्ती नाही. खाडा भरला गेला!

याच संस्थेवर आदिवासी कार्यकर्त्यांचे गंभीर आक्षेप आहेत. मुलांना त्यांच्या भाषेपासून आणि संस्कृतीपासून तोडलं जातं, हा त्यातला मुख्य. मानववंशशास्त्राची जागतिक परिषद तिथे भरवण्याला २०२० मध्ये मोठा विरोध झाला होता. मला तो आक्षेप महत्त्वाचा वाटतो. खेळायचं तर आधी स्वतःची ओळख जमा करा, ही अट असू शकत नाही.

आता आपल्या उपनगरात या. जून २०२५ मध्ये देशातली पहिली व्यावसायिक रग्बी लीग झाली, सात जणांची, सहा संघांची. कुठे? अंधेरीच्या वीरा देसाई रोडवर, महापालिकेच्या शहाजीराजे क्रीडा संकुलात. विजेता चेन्नईचा संघ. ज्या खेळात सहा शिलिंग मागितले म्हणून माणसं बाहेर काढली, त्याच्या युनियनने १९९५ मध्ये, बरोबर १०० वर्षांनी, पैसा खुला केला. आज कंपन्या आल्यावर त्याच पैशाला 'व्यावसायिकता' म्हणतात. कामगाराने मागितला तेव्हा तो 'विटाळ' होता.

त्या मैदानात आपली पोरं होती का? घाटकोपर, मुलुंड, बोरिवलीच्या वस्त्यांत कबड्डी खेळणारी पोरं-पोरी बघा. पकड, झेप, अंगावर येणाऱ्याला खाली आणणं, रग्बीला लागणारं सगळं अंगात आहे. पण निवड चाचणी ठेवली जाते कामाच्या दिवशी, दूरच्या मैदानावर. डिलिव्हरी करणाऱ्या पोराचं त्या दिवशीचं आयडी बंद. घरकामाला जाणाऱ्या पोरीचा खाडा. चाचणीला न गेलेल्याची गुणवत्ता मोजणार कशी? महाराष्ट्रात सरकारी नोकरीत खेळाडूंना ५ टक्के समांतर आरक्षण आहे, आणि ते टिकलंच पाहिजे. पण ते मिळतं पदकाचं प्रमाणपत्र हातात आल्यावर. खाडा पडतो त्याच्या कितीतरी वर्षं आधी.

म्हणून मागणी नेमकी करा. महापालिकेच्या प्रत्येक मैदानावर वस्तीतल्या संघांना ठरलेले विनामूल्य तास, आणि राज्य व राष्ट्रीय चाचणीला जाणाऱ्या प्रत्येक खेळाडूला त्या दिवसांची किमान मजुरी आणि प्रवासखर्च. वॉर्ड ऑफिसला हे निवेदन जायला कोणाची परवानगी लागत नाही. आणि ते मंजूर होईपर्यंत जयंतीच्या वर्गणीतून डीजेचा एक तास कमी करा. तेवढ्यात चार पोरांचा चाचणीचा खाडा भरून निघेल. वही घाला, पावती फाडा, १४ एप्रिलला हिशेब फलकावर लावा.

जय भीम!