फायबरग्लासच्या होडीला नवा रंग



नारळी पौर्णिमा जवळ आली की कोकणातल्या कोळीवाड्यांत होड्या रंगवायची लगबग असते. इकडे अमेरिकेच्या उत्तरेकडच्या राज्यांत तीच लगबग बर्फ वितळल्यावर, एप्रिल-मेमध्ये दिसते. जुनी होडी स्वस्तात मिळते, पण यार्डातले रंगाचे भाव ऐकले की काम घरीच करावेसे वाटते. जरूर करावे! मात्र दोन गोष्टी आधी समजून घ्याव्यात: रंग टिकतो तो खालच्या तयारीवर, आणि काही रंग फुप्फुसांना खरोखर घातक असतात.

रंगाची गरज आहे का?
फायबरग्लासवर जेलकोटचा जेमतेम अर्ध्या मिलिमीटरचा थर असतो. उन्हाने तो पांढुरका पडतो. नुसता पांढुरका असेल तर रबिंग कंपाउंड आणि वॅक्स पुरते. थर झिजून गेला असेल किंवा भेगा असतील तरच रंगाकडे वळावे.

आधी वॅक्स, मग सँडपेपर
हा क्रम उलटा झाला की काम बिघडते. आधी घासले तर जुने वॅक्स ओरखड्यांत जाऊन बसते आणि नवा रंग तिथे धरत नाही, गोल चट्टे पडतात. म्हणून साबणाने धुऊन, वाळल्यावर एका फडक्याने वॅक्स काढायचे सॉल्व्हंट लावावे आणि ते उडून जाण्यापूर्वीच दुसऱ्या कोरड्या फडक्याने पुसून घ्यावे. फडकी वरचेवर बदलावीत. मग पाणी मारून पाहावे. पाणी सलग पसरले तर ठीक. थेंब थेंब झाले तर वॅक्स शिल्लक आहे.

त्यानंतर भेगा आणि खड्डे एपॉक्सीच्या लांबीने भरावेत, घासावे, एपॉक्सी प्रायमर द्यावा आणि शेवटी २२० ते ३२० नंबरच्या सँडपेपरने हलकेच घासावे.

कुठला रंग?
एका डब्यातला पॉलियुरेथेन वापरायला सोपा आणि स्वस्त. दोन डबे मिसळून करायचा रंग अधिक कडक व टिकाऊ, पण जुन्या एका डब्यातल्या रंगावर दिला तर खालचा रंग सुरकुततो. आधी सॉल्व्हंटचे फडके थोडा वेळ ठेवून पाहावे. जुना रंग मऊ झाला तर तो काढावा लागेल.

दोन डब्यांच्या रंगाच्या हार्डनरमध्ये आयसोसायनेट असते. त्याने दमा जडू शकतो, आणि एकदा त्रास सुरू झाला की पुढे थोड्याशा संपर्कानेही होतो. म्हणून घरच्या गॅरेजमध्ये हा रंग स्प्रे करू नये; त्याला बाहेरून हवा पुरवणारा मास्क लागतो. धुळीचा साधा मास्क इथे कामाचा नाही. रोलरने लावतानाही मोकळी हवा, हातमोजे आणि डब्यावर सांगितलेला मास्क हवाच. मुलांना लांब ठेवावे.

लावायची रीत
दोघे जण असावेत. एकाने फोमच्या रोलरने दोनेक फुटांचा पट्टा लावावा, दुसऱ्याने लगेच कोरड्या ब्रशच्या टोकाने तो हलकेच सारखा करावा. दोन-तीन पातळ हात एका जाड हातापेक्षा बरे. थेट ऊन आणि वारा टाळावा. काम दुपारपर्यंत आटपावे, नाहीतर संध्याकाळच्या दवाने चमक जाते.

पाण्याखालचा भाग
होडी दर वेळी ट्रेलरवरून घरी येत असेल तर शेवाळ-शिंपले रोखणारा रंग लागत नाही. पाण्यातच राहत असेल तर लागतो. हा रंग बहुधा तांब्याचा असतो. ॲल्युमिनियमच्या भागांवर तो लावू नये, ते गंजतात. झिंकच्या तुकड्यांना कोणताच रंग नको. पूर्वीच्या कथिलयुक्त रंगांवर अमेरिकेने लहान होड्यांपुरती १९८८ सालीच बंदी घातली. कॅलिफोर्नियात रंगातून तांबे पाण्यात झिरपण्याच्या वेगावरही २०१८पासून मर्यादा आहे. जुना थर कोरडा घासू नये, आणि त्याचा चोथा पाण्यात जाऊ देऊ नये.

शेवटी नंबर
होडीच्या मागच्या बाजूला, उजवीकडे वर, १२ अक्षर-अंकांचा ओळख क्रमांक कोरलेला असतो (नोव्हेंबर १९७२ नंतरच्या होड्यांवर). तो घासून पुसला जाणार नाही हे पाहा. नोंदणी क्रमांक पुढच्या दोन्ही बाजूंना, निदान ३ इंच उंचीचा आणि नव्या रंगावर उठून दिसेल असा पुन्हा लावा. नेव्ही ब्लू होडीवर जुनी काळी अक्षरे चालणार नाहीत, बरं का!