संघाच्या यादीतील नाव

महाविद्यालयांच्या जिमखान्यांत भिंतीवर टांगलेली जुनी छायाचित्रे सर्वांच्या परिचयाची असतात. मागच्या रांगेत हाताची घडी घालून उभे राहिलेले खेळाडू, पुढे खुर्च्यांवर बसलेले प्राचार्य आणि क्रीडाशिक्षक, मध्यभागी चषक, आणि तळाशी बारीक अक्षरांत डावीकडून उजवीकडे लिहिलेली नावे. चौकटीची काच धुरकट होते, चषकाची झिलई जाते, परंतु नावांची ती ओळ वाचता येते तोवर त्या संघाचे स्मरण उरते. महाविद्यालयीन खेळाची परंपरा म्हणून ज्याचा गौरव केला जातो, ती वस्तुतः अशा याद्यांची परंपरा आहे. आणि यादीचा स्वभावच असा, की ती काहींना आत घेते आणि त्याच क्षणी इतरांना बाहेर ठेवते. फुटबॉलच्या इतिहासाकडे या दृष्टीने पाहिले, तर एकमेकांपासून हजारो मैल दूर असलेल्या दोन हकीकती शेजारी येऊन बसतात. एक अमेरिकेतील नोत्र दाम विद्यापीठाची, दुसरी नागपूरची. दोहोंवर चित्रपट निघाले. दोहोंत प्रश्न एकच आहे : यादीत नाव कोणाचे?

फुटबॉल आणि विद्यार्थी यांचे नाते या खेळाच्या जन्माइतके जुने आहे. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात इंग्लंडमधील प्रत्येक नामांकित शाळेचा फुटबॉल निराळा होता. कोठे चेंडू हाती धरता येई, कोठे त्याला हात लावणे निषिद्ध असे. या शाळांतील मुले केंब्रिज विद्यापीठात एकत्र आली, तेव्हा त्यांना एकमेकांशी खेळणेच अशक्य झाले. म्हणून १८४८ मध्ये तेथील विद्यार्थ्यांनी बसून समाईक नियम तयार केले. पुढे १८६३ मध्ये लंडनमध्ये फुटबॉल असोसिएशनची स्थापना झाली, तेव्हा केंब्रिजच्या नियमांचा विचार तिला करावा लागला. अमेरिकेत ६ नोव्हेंबर १८६९ रोजी रटगर्स आणि प्रिन्स्टन या दोन महाविद्यालयांत सामना झाला व रटगर्सने तो सहा विरुद्ध चार गोलांनी जिंकला. त्यानंतरच्या दशकांत मात्र अमेरिकन फुटबॉलने आपली वाट वेगळी केली. चेंडू लांबट झाला, तो हातात घेऊन धावण्याचा आणि प्रतिपक्षाच्या खेळाडूला पकडून पाडण्याचा तो खेळ झाला. आपल्याकडील फुटबॉलशी त्याचे आता केवळ नावापुरतेच साम्य आहे.

हिंदुस्थानात हा खेळ आणला तो इंग्रजांच्या पलटणींनी. सिमल्याची ड्युरंड स्पर्धा १८८८ मध्ये आणि मुंबईची रोव्हर्स चषक स्पर्धा १८९१ मध्ये सुरू झाली. २९ जुलै १९११ रोजी कलकत्त्याच्या मोहन बागानने ईस्ट यॉर्कशायर पलटणीचा दोन विरुद्ध एक गोलने पराभव करून आयएफए ढाल जिंकली. त्या संघातील दहा खेळाडू अनवाणी होते. पायांत बूट होते ते एकट्या सुधीर चॅटर्जींच्या, आणि ते पेशाने शिक्षक होते. १९५१ आणि १९६२ च्या आशियाई क्रीडास्पर्धांत सुवर्णपदक मिळवणाऱ्या, १९५६ च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये चौथे स्थान पटकावणाऱ्या भारतीय संघाचे मार्गदर्शक सय्यद अब्दुल रहीम हेही हैदराबादचे शिक्षकच. त्यांच्या जीवनावरील ‘मैदान’ हा हिंदी चित्रपट २०२४ मध्ये, म्हणजे त्यांच्या निधनानंतर एकसष्ट वर्षांनी, प्रदर्शित झाला. भारतीय फुटबॉलच्या कथेत खेळाडूच्या पाठीमागे अनेकदा असा एखादा शिक्षक उभा दिसतो. नागपूरच्या हकीकतीतही तो आहे. तथापि तिच्याकडे वळण्यापूर्वी अमेरिकेतील हकीकत पाहणे इष्ट ठरेल. कारण ‘दुबळ्या खेळाडूचा विजय’ या कल्पनेला चित्रपटसृष्टीत जो साचा मिळाला, तो घडवण्यात तिचा वाटा मोठा आहे.

इंडियाना राज्यातील नोत्र दाम हे कॅथलिक विद्यापीठ १८४२ मध्ये स्थापन झाले आणि १८८७ मध्ये तेथील विद्यार्थी पहिला फुटबॉल सामना खेळले. मिशिगनकडून ते हरले. परंतु पुढे नूट रॉकनी या प्रशिक्षकाच्या कारकिर्दीत, १९१८ ते १९३० या काळात, या संघाने असा दबदबा निर्माण केला, की कॅथलिक स्थलांतरितांची घरेच्या घरे त्याला आपला संघ मानू लागली. जॉलिएट या गावातील रूटिगर कुटुंब त्यांपैकीच एक. चौदा भावंडांतील तिसरा मुलगा डॅनियल, घरचे नाव रूडी, याने नोत्र दामकडून खेळण्याचा ध्यास घेतला. उंची पाच फूट सहा इंच, वजन सुमारे पंचाहत्तर किलो. वाचनातील जन्मजात अडचणीमुळे अभ्यासात मागे. शाळा संपल्यावर त्याने नौदलात नोकरी केली, वीजनिर्मिती केंद्रात काम केले, आणि १९७२ मध्ये नोत्र दामच्या शेजारच्या होली क्रॉस महाविद्यालयात नाव घातले. नोत्र दामने त्याचा अर्ज तीनदा नाकारला. चौथ्या खेपेस, १९७४ मध्ये, प्रवेश दिला. तेथे त्याला सरावसंघात जागा मिळाली. सरावसंघाचे काम म्हणजे मुख्य संघाला सराव मिळावा म्हणून आठवडाभर धक्के खाणे आणि सामन्याच्या दिवशी प्रेक्षकांत बसणे.

८ नोव्हेंबर १९७५ रोजी, जॉर्जिया टेकविरुद्धच्या सामन्यात, अखेरच्या अर्ध्या मिनिटात रूडीला मैदानात उतरवण्यात आले. शेवटच्या डावात त्याने प्रतिपक्षाच्या मुख्य खेळाडूला चेंडूसह खाली पाडले. सहकाऱ्यांनी त्याला खांद्यावर घेऊन मैदानाबाहेर नेले. विद्यापीठाच्या नोंदीत त्याचा खेळ इतकाच आहे. त्याच्या आयुष्यावर १९९३ मध्ये ‘रूडी’ हा चित्रपट निघाला. १९४० मध्ये रॉकनीच्या चरित्रपटाला दिलेल्या परवानगीनंतर विद्यापीठाने आपल्या आवारात चित्रीकरण करू दिले ते थेट या चित्रपटाला. चित्रपटातील सर्वांत गाजलेल्या प्रसंगात संघातील खेळाडू एकामागून एक प्रशिक्षकाच्या टेबलावर आपापला गणवेश ठेवतात आणि आपल्याऐवजी रूडीला खेळवा, असे विनवतात. हा प्रसंग घडलेला नाही. त्याला मैदानात उतरवण्याची कल्पना आपलीच होती, असे प्रशिक्षक डॅन डिव्हाइन यांनी नंतर स्पष्ट केले. तरीही पडद्यावर आपण खलनायक ठरावे, याला त्यांनी संमती दिली होती. चित्रपटाला अडवणारा माणूस हवा होता. इतिहासाने तो पुरवला नाही, म्हणून पटकथेने पुरवला. परंतु या कल्पित प्रसंगापेक्षा अधिक विचार करण्याजोगी गोष्ट निराळीच आहे. रूडी यादीत शिरला, त्याला खांद्यावर घेतले गेले, टाळ्या झाल्या, आणि यादी होती तशीच राहिली. सरावसंघातील इतर मुले पुढच्या आठवड्यात पुन्हा धक्के खाण्यासाठी उभी राहिली. अपवादाचा गौरव केल्याने नियम बदलत नाही. उलट, गुणाला न्याय मिळतोच, असे दाखवण्याची त्याला सोय होते.

नागपूरची हकीकत येथून निराळी वळते. या शहरात १८४५ मध्ये आलेले स्टीफन हिस्लॉप हे स्कॉटिश मिशनरी भूगर्भशास्त्राचेही अभ्यासक होते. १८६३ मध्ये टाकळघाटहून परतताना नदीच्या पुरात ते बुडाले. त्यांच्या नावाने १८८३ मध्ये हिस्लॉप महाविद्यालय सुरू झाले. मध्य प्रांतातील उच्च शिक्षणाच्या इतिहासात या संस्थेचे स्थान मानाचे आहे. विजय बारसे हे याच महाविद्यालयात क्रीडाशिक्षक होते. नव्या शतकाच्या आरंभी एका पावसाळी दिवशी झोपडपट्टीतील काही मुले फुटकी बादली लाथाडत खेळताना त्यांना दिसली. त्यांनी मुलांना चेंडू दिला. असा प्रसंग पुष्कळांनी पाहिला असेल, आणि चेंडू देऊन पुढे जाणारेही थोडे नसतील. बारसे मात्र तेथेच थांबले. त्यांच्या ध्यानात आले, की मुले मैदानावर असतात तोवर व्यसनांपासून आणि हाणामारीपासून दूर असतात. २००१ मध्ये त्यांनी केवळ झोपडपट्टीतील संघांची फुटबॉल स्पर्धा भरवली. शंभराहून अधिक संघ उतरले. अनेकांकडे बूट नव्हते, गणवेश नव्हता; परंतु प्रत्येक संघाला नाव होते, आणि प्रत्येक संघाची यादी होती.

या शेवटच्या गोष्टीचे मोल सहजासहजी ध्यानात येत नाही. ज्या मुलांची नावे शाळेच्या हजेरीपटातून गळालेली, आणि काहींच्या बाबतीत पोलीस चौकीच्या वहीत तेवढी चढलेली, त्यांची नावे प्रथमच एका स्वच्छ कागदावर, स्वतःच्या इच्छेने लिहिली गेली. बारसे यांनी एखादा हुशार मुलगा निवडून त्याला महाविद्यालयाच्या संघात घुसवण्याचा प्रयत्न केला असता, तर ती नागपूरची ‘रूडी’ झाली असती. त्यांनी त्याऐवजी यादीच नवी केली. निवृत्तीनंतर हाती आलेल्या पैशांतून त्यांनी प्रशिक्षणकेंद्रासाठी जमीन घेतली. नागपूरची ही चळवळ ‘स्लम सॉकर’ या नावाने देशभर पसरली आणि २०१६ मध्ये जागतिक फुटबॉल महासंघाच्या, म्हणजे फिफाच्या, विविधता पुरस्काराची मानकरी ठरली.

याच सुमारास युरोपात अशीच एक कल्पना आकार घेत होती. स्कॉटलंडचे मेल यंग आणि ऑस्ट्रियाचे हाराल्ड श्मीड यांनी बेघरांसाठी विश्वचषक फुटबॉल स्पर्धेची योजना आखली, आणि २००३ मध्ये ग्राझ शहरात अठरा देशांच्या संघांसह ती प्रथम भरली. लहान मैदान, एका बाजूस चार खेळाडू, सात सात मिनिटांचे दोन डाव, असे तिचे स्वरूप. २००७ मध्ये कोपनहेगन येथे भारतीय संघ तिच्यात उतरला. २०१० मध्ये रिओ दि जानिरो येथे भारताचे नेतृत्व नागपूरच्या अखिलेश पॉल याने केले. भरकटलेल्या पौगंडावस्थेतून फुटबॉलने आपल्याला कसे बाहेर काढले, हे त्याने स्वतः ‘सत्यमेव जयते’ या दूरचित्रवाणी कार्यक्रमात सांगितले. ऑक्टोबर २०१४ मधील त्याच भागातून बारसे यांचे कार्यही देशभर पोहोचले.

नागराज मंजुळे यांचा ‘झुंड’ हा हिंदी चित्रपट ४ मार्च २०२२ रोजी प्रदर्शित झाला. त्यात बारसे यांच्यावर बेतलेली विजय बोराडे ही भूमिका अमिताभ बच्चन यांनी केली. कथेच्या हक्कांवरून न्यायालयीन वादही झाला. एखाद्याच्या आयुष्याची गोष्ट कोणाच्या मालकीची, हा प्रश्नही नावाच्या प्रश्नाचाच सख्खा भाऊ होय. चित्रपटात महाविद्यालयाचे आवार आणि झोपडपट्टी यांच्यामध्ये एक भिंत आहे. एका बाजूस हिरवळ, दुसऱ्या बाजूस कचऱ्याचे ढीग. महाविद्यालयाचा संघ आणि वस्तीतील मुले यांच्यात सामना होतो, परंतु कथा तेथे संपत नाही. खरी अडचण पुढेच येते : परदेशी जाण्यासाठी पारपत्र हवे, आणि पारपत्रासाठी कागद. रिंकू राजगुरू यांनी साकारलेली आदिवासी तरुणी आपल्या वडिलांबरोबर ओळखीच्या कागदांसाठी वणवण फिरते. ज्या देशात ती जन्मली, त्या देशाची ती आहे, हे सिद्ध करणारा कागद तिच्या घरी नाही. कचेरीच्या खिडकीशी उभ्या राहिलेल्या या बापलेकीचे प्रसंग गोलांच्या प्रसंगांइतके चित्तथरारक नाहीत, परंतु चित्रपटाचा कणा तेच आहेत. डॅन डिव्हाइनसारखा कल्पित खलनायक येथे उभा करावा लागत नाही. कोणी दुष्ट नसतानाही माणूस अडतो.

दोन्ही चित्रपटांचे शेवट ताडून पाहण्याजोगे आहेत. ‘रूडी’चा शेवट खांद्यावर उचललेल्या एका खेळाडूवर होतो. ‘झुंड’ विश्वचषकातील विजय दाखवतच नाही. मुलांना घेऊन विमान आकाशात झेपावते आणि खाली वस्त्या दिसू लागतात. यांत जिंकले कोण, हे प्रेक्षकाने ठरवावयाचे. चित्रपटाच्या नावातच त्याचे म्हणणे सामावले आहे. दुरून पाहणाऱ्याला झुंड दिसते. नावे विचारणाऱ्याला संघ दिसतो. झुंड आणि संघ यांत माणसे तीच असतात, फरक पडतो तो नियमांचा, मैदानाचा आणि नावे लिहून घेणाऱ्याचा. या मुलांच्या भूमिका मंजुळे यांनी बहुतांशी नागपूरच्या वस्त्यांतीलच मुलांकडून करवून घेतल्या. त्यांपैकी अंकुश गेडाम याला २०२३ मध्ये पदार्पणाचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. म्हणजे चित्रपटानेही आपल्या परीने एक यादी उघडलीच.

एवढ्याने भिंती पडल्या, असे मात्र कोणी मानू नये. चित्रपट पाहून डोळे पुसणारा प्रेक्षक दुसऱ्या दिवशी त्याच भिंतीशेजारून जातो. महाविद्यालयांची मैदाने संध्याकाळी कुलपात असतात, आणि लगतच्या वस्तीतील मुले रस्त्यावर दगडांचे खांब करून खेळतात. एका शिक्षकाने जे केले, ते त्याचा चांगुलपणा म्हणून वाखाणले जाते. संस्थांचे कर्तव्य म्हणून त्याची गणना अजून क्वचितच होते.

बेघरांच्या विश्वचषकाचा एक नियम येथे लक्षात घेण्यासारखा आहे. त्या स्पर्धेत कोणत्याही खेळाडूला आयुष्यात एकदाच भाग घेता येतो. तो कितीही चांगला खेळो, पुढच्या वर्षी त्याची जागा दुसऱ्याला मिळते. जिमखान्याच्या भिंतीवरील परंपरा मोठी नावे जपते आणि वर्षानुवर्षे तीच उच्चारते. या स्पर्धेची परंपरा नेमकी उलट आहे : तिच्या यादीत एक नाव दुसऱ्यांदा लिहिले जात नाही, म्हणूनच दर वर्षी तिला आजवर कोणी न लिहिलेली नावे शोधत वस्त्यांत यावे लागते.