दगडखाणीच्या परवान्यात शेजारी कुठे असतो?

१/९
खाणीचा परवाना म्हटला की दोनच पक्ष नजरेसमोर येतात : देणारे सरकार आणि घेणारा खाणमालक. बांधापलीकडचा शेजारी तिसरा. त्याला विचारायचे का, आणि विचारायचे तर केव्हा? या प्रश्नाला पावणेदोनशे वर्षांचा न्यायालयीन इतिहास आहे.

२/९
इंग्लंड, १८५०. हम्फ्रीज विरुद्ध ब्रॉगडेन. वरची जमीन एकाची, खालचा कोळसा दुसऱ्याच्या ताब्यात. कोळसा काढताना पुरेसे आधारखांब न ठेवल्याने वरची जमीन खचली. खाणकाम काळजीपूर्वक आणि रिवाजाप्रमाणे झाले, असे ज्यूरीचे मत पडले. तरीही लॉर्ड कॅम्पबेल यांच्या न्यायालयाने जमीनमालकाच्या बाजूने निकाल दिला. जमिनीला मिळणारा आधार हा तिचा निसर्गसिद्ध हक्क ठरला. निष्काळजीपणा सिद्ध करण्याची गरज उरली नाही.

३/९
१८६१. बॅकहाउस विरुद्ध बोनोमी. खोदकाम होऊन सहा वर्षे उलटली होती; घराचे नुकसान मात्र नंतर दिसू लागले. खाणमालक म्हणाला, दाव्याची मुदत संपली. हाउस ऑफ लॉर्ड्सने ते नाकारले : मुदत खोदल्यापासून नव्हे, नुकसान झाल्यापासून मोजायची. शेजारी जिंकला. पण याच तत्त्वाची दुसरी बाजू अशी की, भिंतीला तडा जाईपर्यंत भरपाई मागता येत नाही.

४/९
शिवाय हा निसर्गसिद्ध हक्क जमिनीचा होता, तिच्यावर चढवलेल्या इमारतीच्या ओझ्याचा नव्हे. न्यूकॅसलमधील एका खोदकामावरून उद्भवलेल्या डाल्टन विरुद्ध अँगस खटल्यात (१८८१) लॉर्ड्सने ठरवले की, वीस वर्षे निर्वेध आधार मिळाला असेल तर इमारतीलाही तो हक्क प्राप्त होतो.

५/९
पुढच्याच वर्षी ही तत्त्वे भारतात कायद्याच्या रूपाने आली. भारतीय सुविधाधिकार अधिनियम, १८८२ याच्या कलम ७ मध्ये खालच्या व लगतच्या मातीचा आधार हा जमीनमालकाचा हक्क म्हणून नोंदवला आहे. कलम १५ मध्ये वीस वर्षांचा नियम आहे. मुंबई इलाख्याला हा कायदा १८९१ मध्ये लागू झाला.

६/९
उणीव कुठे राहिली? हा हक्क दोन खासगी मालकांमधला. आटलेला झरा, शेतात वाहून आलेला राडारोडा, सुरुंगाची धूळ यांचा ‘आधारा’शी संबंध नाही. आणि खाणपट्टा देताना शेजाऱ्याची संमती घेणे हा या कायद्याचा विषयच नव्हता. स्वतंत्र भारतात १९५७ च्या खनिज कायद्याने इमारतीचा दगड ‘गौण खनिज’ ठरला आणि त्याचे नियम करण्याचा अधिकार राज्यांकडे गेला.

७/९
१९८३. मसुरीच्या डोंगरांतील चुनखडीच्या खाणींविरुद्ध देहरादूनच्या ‘रूरल लिटिगेशन अँड एंटायटलमेंट केंद्र’ या संस्थेने सर्वोच्च न्यायालयाला पत्र लिहिले. न्यायालयाने त्या पत्रालाच याचिका मानले. १२ मार्च १९८५ च्या आदेशाने अनेक खाणी बंद झाल्या. पट्टेदारांना त्रास होईल हे न्यायालयाने मान्य केले. पण लोकांच्या निरोगी पर्यावरणाच्या हक्कासाठी ती किंमत मोजावीच लागेल, असेही सांगितले. बेकार होणाऱ्या मजुरांना शक्यतो वनीकरणाच्या कामावर घ्यावे, असा निर्देशही दिला. इथे शेजारी म्हणजे एक मालक नव्हे, संपूर्ण खोरे होते. तरीही दाद मागितली गेली ती डोंगर पोखरल्यानंतरच.

८/९
१९९६ च्या पेसा कायद्याने क्रम उलटवला. अनुसूचित क्षेत्रात गौण खनिजाचा खाणपट्टा देण्याआधी ग्रामसभेची किंवा योग्य स्तरावरील पंचायतीची शिफारस बंधनकारक झाली. महाराष्ट्रात गडचिरोली, नंदुरबार, पालघर अशा जिल्ह्यांतील अनुसूचित गावे या तरतुदीखाली येतात. मात्र कायद्याचा शब्द ‘शिफारस’ आहे, ‘संमती’ नाही. आणि ती समूहाची आहे, लगतच्या एकेका शेतकऱ्याची नव्हे.

९/९
१८५० मध्ये शेजाऱ्याला हक्क मिळाला, १८६१ मध्ये त्या हक्कासाठी वेळ मिळाला. परवान्याआधी बोलण्याची जागा मिळायला १९९६ उजाडावे लागले, तीही देशाच्या काही भागांतच. भरपाईने घर पुन्हा उभे राहते, फोडलेला डोंगर राहत नाही. म्हणून खाणीचा कोणताही वाद वाचताना आधी तारखा ताडून पाहाव्यात : शेजाऱ्याला विचारले ते सुरुंगाच्या आधी की नंतर?