नाटकाच्या जागा

मुंबईतल्या नाटकाच्या जागा सांगा म्हटलं की लोक शिवाजी मंदिर, रवींद्र, दीनानाथ अशी नावं धडाधड घेतात. लोकांच्या डोक्यातल्या या नकाशात साल नसतं, हीच माझी तक्रार.

सुरुवात ग्रँट रोडला झाली. नाना शंकरशेटांच्या जागेवर १८४६ साली तिथे थिएटर उभं राहिलं आणि १८५३ मध्ये सांगलीच्या विष्णुदास भाव्यांनी तिकीट लावून खेळ केले. पुढे मराठी वस्ती सरकली तसं नाटकही सरकलं. गिरगावात साहित्य संघ, १९६५ ला दादरचं शिवाजी मंदिर, मग पार्लं, बोरिवली. १९७८ मध्ये ठाण्याला गडकरी रंगायतन.

मी लालबागचा, गिरणीकामगाराचा मुलगा. आमचं थिएटर म्हणजे परळचा दामोदर हॉल. ना. म. जोश्यांच्या सोशल सर्व्हिस लीगनं तो १९२२ साली बांधला. गिरणीत कामाला आलेल्यांच्या, कोकणातल्या एकेका गावाचं मंडळ तिथे वर्षाला एक नाटक करायचं. पाळी सुटली की राहत्या गाळ्यात, वळकट्या भिंतीला लावून तालीम. साचेवाला राजा व्हायचा आणि त्याचा जॉबर, म्हणजे मुकादम, प्रधान! गिरणीत हे कधी जमलं नसतं. नटी तेवढी पैसे मोजून बाहेरून आणायची. ती यायची ऐन रंगीत तालमीला. जमलेला पैसा गावच्या देवळाला नाहीतर शाळेला. कोकणातलं नमन आणि शक्ती-तुऱ्याचे सामनेही दामोदरमध्येच रंगायचे. १९८२ च्या संपानं गिरण्या बसल्या, माणसं विरार-नालासोपाऱ्याला गेली, तरी प्रयोगाला परळलाच यायची. २०२३ मध्ये हॉल पुनर्विकासासाठी बंद झाला.

आणि काही जागा तर थिएटरच नव्हत्या. दादरच्या छबिलदास शाळेच्या हॉलमध्ये १९७४ पासून ‘आविष्कार’नं प्रायोगिक नाटकं केली, अरविंद आणि सुलभा देशपांड्यांच्या पुढाकारानं. ना मखमली पडदा, ना मोठा रंगमंच. पण माझ्या मते त्या काळातलं सगळ्यात धीट मराठी नाटक त्याच हॉलनं पाहिलं. नव्वदच्या दशकात तिथले प्रयोगही थांबले. आज त्या रस्त्यानं जाणाऱ्याला तिथे फक्त शाळा दिसते.

तेव्हा नकाशा काढणाऱ्यांनी नुसत्या इमारती मोजू नयेत. तुमच्या चाळीच्या पटांगणात, कामगार कल्याण केंद्रात, शाळेच्या हॉलमध्ये नाटक झालं असेल, तर गावाचं, मंडळाचं नाव आणि साल लिहून ठेवा. जुनी हँडबिलं रद्दीत घालू नका.