लिंबाचा स्कोन : शब्द आणि पदार्थ

एखाद्या पदार्थाचे नाव शतकानुशतके टिकले, म्हणजे तो पदार्थही तसाच टिकला, असे गृहीत धरण्याची प्रवृत्ती खाद्येतिहासाच्या लेखनात वारंवार आढळते. स्कॉटलंडमधील स्कोन ह्या पदार्थाचा इतिहास ह्या गृहीतकाची मर्यादा दाखवितो. लिंबाचा किंवा संत्र्याचा स्वाद देऊन घरच्या भट्टीत भाजल्या जाणाऱ्या आजच्या स्कोनचे नाव निदान पाच शतकांचे आहे. त्याचे रूप मात्र मुख्यतः एकोणिसाव्या शतकात घडले.

हा शब्द लेखनात प्रथम आढळतो तो गॅव्हिन डग्लस याने १५१३ मध्ये पूर्ण केलेल्या, व्हर्जिलच्या ‘ईनिड’ महाकाव्याच्या स्कॉट्स भाषांतरात. त्यातील सातव्या सर्गात ट्रोजन वीर इतर अन्नाखाली ठेवलेल्या चपट्या भाकऱ्याही अखेरीस खाऊन टाकतात. त्या भाकऱ्यांसाठी डग्लसने हा शब्द योजिला. भाषांतरकाराच्या डोळ्यांपुढे उंच फुगलेला पाव नव्हता, हे यावरून उघड होते. ‘चांगला, पांढरा पाव’ अशा अर्थाच्या मध्यकालीन डच शब्दापासून स्कोनची व्युत्पत्ती बहुधा साधता येते. राज्याभिषेकाच्या शिळेमुळे प्रसिद्ध असलेल्या पर्थजवळच्या गावाचे नाव त्याच अक्षरांनी लिहितात. तथापि त्याचा उच्चार ‘स्कून’ असा आहे व त्याच्याशी जोडलेला संबंध ही लोकव्युत्पत्ती होय. पदार्थाच्या नावाचा उच्चार स्कॉटलंडमध्ये ‘स्कॉन’ असा होतो. इंग्लंडात ‘स्कॉन’ व ‘स्कोन’ हे दोन्ही उच्चार ऐकू येतात.

जुना स्कोन ओट किंवा जव यांच्या पिठाचा असे व चुलीवरील लोखंडी तव्यावर भाजला जाई. सामान्य घरात बंद भट्टी नसल्यामुळे दुसरा मार्गही नव्हता. मोठी गोल भाकरी थापून तिचे चार भाग करीत. अशा भागाला ‘फार्ल’ म्हणत, आणि ह्या शब्दाच्या मुळाशी ‘चौथा भाग’ हाच अर्थ आहे.

एकोणिसाव्या शतकात दोन गोष्टींनी हे चित्र पालटले. लोखंडी शेगडीबरोबर भट्टी घरात आली, आणि खाण्याचा सोडा सुलभ झाला. १८४३ मध्ये बर्मिंगहॅमच्या आल्फ्रेड बर्डने बेकिंग पावडर तयार केली. १८४५ मध्ये ब्रिस्टलच्या हेन्री जोन्सने आपोआप फुगणाऱ्या पिठाचे पेटंट घेतले. सोडा हा अल्कधर्मी असल्याने त्याला आम्लाची जोड लागते. ताकातील आम्लाने ही गरज भागे व निघालेल्या कार्बन डायऑक्साइड वायूने पीठ फुगे. आंबवण्याची दीर्घ प्रतीक्षा संपली.

लिंबाचे कार्य येथे दुहेरी आहे. त्याचा रस दुधात घातला असता दूध ताकासारखे आंबट होते व सोड्याला आम्ल मिळते. परंतु सुगंध मुख्यतः रसात नसून सालीच्या तैलग्रंथींत असतो. म्हणून सालीचा केवळ रंगीत थर किसतात. आतला पांढरा थर कडू असतो. हा कीस साखरेत चोळल्यास तेल साखरेत उतरते. त्यानंतर थंड लोणी बोटांनी मैद्यात चोळून रव्यासारखे करावयाचे, दूध घालून गोळा जेमतेम एकत्र आणावयाचा व सुमारे २२० अंश सेल्सिअस तापलेल्या भट्टीत १२ ते १५ मिनिटे भाजावयाचे, ही सर्वसाधारण रीत होय. पीठ अधिक मळल्यास ग्लुटेन बळावून स्कोन चिवट होतो. चुलीवरच्या तव्याच्या काळातील कौशल्य थापण्यात व उलटण्यात होते. येथे ते हात आवरण्यात आहे.

ह्या स्वादाची नावेही दूरची आहेत. संस्कृत ‘नारंग’ फारसीतून अरबीत ‘नारंज’ झाला. पुढे युरोपात आरंभीचा ‘न’ गळून इंग्रजी ‘ऑरेंज’ सिद्ध झाला. मराठी ‘नारिंग’ ह्याच कुळातील. फारसी ‘लीमू’, अरबी ‘लैमून’ व इंग्रजी ‘लेमन’ यांची परंपराही अशीच असून मराठी ‘लिंबू’ तिच्याशी आप्त आहे.

सारांश, एका लहानशा पदार्थात डच वळणाचे नाव, आशियातील फळ आणि इंग्लंडातील रसायन एकत्र आले आहेत. त्याला ‘प्राचीन स्कॉटिश’ म्हटल्याने नावाचे वय पदार्थाला चिकटते, आणि तव्यावर जवाची भाकरी भाजणाऱ्या गृहिणीचे श्रम दृष्टिआड होतात. शब्द हा इतिहासाचा साक्षीदार खरा. परंतु त्याची साक्ष चुलीच्या, पिठाच्या व आम्लाच्या साक्षीशी पडताळून घेणे आवश्यक आहे.