नरसिंहन यांची चित्रमीमांसा आणि देवनागरी अक्षर

कसबा पेठेतील एखाद्या टंकलेखन-केंद्रात विंडोज प्रणालीवर मराठी अर्ज तयार होतो, तेव्हा पडद्यावर उमटणारे अक्षर पुष्कळदा ‘मंगल’ या टंकाचे असते. त्या अक्षरामागील संशोधनाचा इतिहास मुंबईतील टाटा मूलभूत संशोधन संस्थेत सुरू होतो आणि त्याच्या आरंभी आर. नरसिंहन (१९२६–२००७) यांचे नाव येते.

नरसिंहन १९५४ मध्ये संस्थेत आले. त्यांच्या नेतृत्वाखाली उभारलेला ‘टिफ्रॅक’ हा संगणक १९६० मध्ये कार्यान्वित झाला. त्याची स्मृती प्रत्येकी ४० बिटांच्या २०४८ शब्दांची, म्हणजे जेमतेम १० किलोबाइट होती. अशा यंत्रालाही कॅथोड-किरण नलिकेचा पडदा जोडलेला होता आणि त्यावर अक्षरे, आकडे व आलेख उमटत. आकड्यांच्या रकान्यांतून वक्राची कल्पना करण्याऐवजी संशोधकाला तो वक्रच पाहता येऊ लागला. भारतातील वैज्ञानिक दृश्यांकनाचा हा एक आरंभ मानण्यास हरकत नसावी.

नरसिंहन यांचे मूलगामी कार्य मात्र उलट दिशेचे आहे. १९६० च्या दशकाच्या पूर्वार्धात अमेरिकेतील इलिनॉय विद्यापीठात बुद्बुद-कोष्ठातील छायाचित्रांचे यांत्रिक वाचन हा त्यांच्यापुढील प्रश्न होता. या छायाचित्रांत मूलकणांचे मार्ग रेषारूपाने दिसतात. त्यांची संख्या इतकी मोठी की मानवी डोळ्यांना ती तपासणे दुरापास्त होते. चित्राला नुसते नाव देणे पुरेसे नाही, त्याचे अवयव आणि त्या अवयवांचे परस्परसंबंध सांगता आले पाहिजेत, अशी त्यांची भूमिका होती. वाक्याला जसे व्याकरण, तसे चित्रालाही. पुढे हाताने लिहिलेल्या इंग्रजी अक्षरांना त्यांनी हीच दृष्टी लावली. ज्या नियमांनी अक्षर ओळखायचे, त्याच नियमांनी ते घडवताही येते, हा त्यातील महत्त्वाचा भाग होय.

देवनागरीचा प्रश्न मुंबईतच पुढे आला. पीयूष घोष आणि एस. पी. मुदूर यांनी १९८४ मध्ये आकृतीच्या वर्णनाची ‘कुंचला आणि त्याचा मार्ग’ ही पद्धत गणिती रूपात मांडली. तिरप्या कापलेल्या बोरूने कित्ता गिरवलेल्यास ती सहज कळावी : बोरूचे टोक हा एक आकार, हाताची गती हा दुसरा, दोहोंच्या संयोगातून जाड-बारीक रेषा आपोआप निर्माण होते. बाह्यरेषा बिंदूबिंदूने साठवण्याची गरज राहत नाही.

राष्ट्रीय सॉफ्टवेअर तंत्रज्ञान केंद्रातील या परंपरेला सुलेखनकार र. कृ. जोशी यांच्या हाताची जोड मिळाली. त्यांनी रेखाटलेला ‘मंगल’ टंक विंडोज २००० बरोबर सर्वत्र पोहोचला. भारतीय संगणकाचा इतिहास बहुधा सॉफ्टवेअर-निर्यातीच्या आकड्यांनी सांगितला जातो. त्यात या अक्षराला ओळभरही जागा मिळत नाही. पुढे हे केंद्र पुण्यात मुख्यालय असलेल्या प्रगत संगणन विकास केंद्रात, म्हणजे ‘सी-डॅक’मध्ये, विलीन झाले.